मैदानात उरल्या दोघी जावा

साळूबाईच्या दोन सुना एकमेकींशी बोलत नव्हत्या, आणि हे सगळ्या हसनाबादेला ठाऊक होतं. भांडण शेतावरून झालं असतं, सोन्यानाण्यावरून झालं असतं, तर साळूबाईनं चार बायांत बसून सांगितलं तरी असतं. पण ते झालं होतं कुरडयांवरून, आणि कुरडया खाल्ल्या होत्या वानरांनी. आता हे कुणाला सांगायचं?

त्याचं असं झालं. दोन उन्हाळ्यांमागं थोरलीनं, म्हणजे वंदनानं, गव्हाचा चीक शिजवून गच्चीवर कुरडया घातल्या होत्या. शेजारच्या चार बाया मदतीला आल्या होत्या. चहाला म्हणून सगळ्या खाली उतरल्या, तेव्हा राखण करायला धाकटीला वर बसवलं. धाकटी द्वारका. ती सावलीला बसून मोबाईलवर कबड्डीचा एक जुना सामना बघत राहिली. सामना रंगात आला आणि पाठीमागच्या लिंबावरून वानरांचा कळप गच्चीवर उतरला. त्यांनी खाल्लं थोडं, तुडवलं फार. वंदना हातात काठी घेऊन वर येईपर्यंत धुणं वाळत घालायच्या दोरीवर एक मादी बसून शांतपणे कुरडई मोडत होती.

पहाटेपासून चुलीपुढं उभी राहिलेली बाई ती. रागाच्या भरात चार बायांदेखत बोलून गेली, "मैदानातली पोरगी घरात आणली, हीच माझी चूक झाली."

द्वारका उलटून बोलली असती तर बरं झालं असतं. ती बोलली नाही. खाली उतरली, आपल्या खोलीत गेली आणि त्या दिवसापासून थोरल्या जावेशी तिचं बोलणं बंद झालं. कारण तिला मैदानातून घरात आणलं होतं ते वंदनानंच.

धाकट्या दिरासाठी, बबलूसाठी, मुली बघणं चाललं होतं तेव्हाची गोष्ट. वंदना भोकरदनला बाजाराला गेल्ती. कॉलेजच्या पटांगणात मुलींचे कबड्डीचे सामने चालले होते. वंदना स्वतः माहेरी शाळेच्या संघातून खेळलेली. हातातली पिशवी खाली ठेवून ती उभी राहिली ती राहिलीच. एका बारक्याशा, सावळ्या पोरीनं आपल्या दीडपट मुलीच्या घोट्याला अशी मिठी घातली होती की पंचांनी शिट्टी फुंकली तरी ती सोडेना. भाजी न घेताच वंदना घरी आली आणि सासूला म्हणाली, "आत्याबाई, आपल्या बबलूला ती पोरगी करा. धरलेलं सोडत न्हाई ती."

लग्न झालं आणि दोघी जावा अशा एकजीव झाल्या की साळूबाईलाच कधीकधी आपण या घरात पाहुणी आहोत असं वाटायचं. दोघी मिळून वेचणीला जायच्या, मिळून हसायच्या. कशाला हसतात ते सासूला सांगायच्या नाहीत. आणि मग ती वानरं आली.

चूल वेगळी झाली. भाऊ मात्र होते तसेच राहिले. थोरला तातेराव आणि धाकटा बबलू रानात एका बांधावर बसून भाकरी खायचे, एका मोटरसायकलवर गावात यायचे आणि घराच्या दारात आले की कुणाचा कोण असे आपापल्या उंबऱ्यातून आत जायचे. साळूबाईची सकाळची भाकरी थोरल्याकडं आणि संध्याकाळची धाकट्याकडं. दोन्हीकडं तिला काही कमी नव्हतं. उलट दोघीही तिच्या ताटात जरा जास्तच वाढत, म्हणजे तिनं दुसरीकडं जाऊन सांगावं.

साळूबाईनं उपाय केले नाहीत असं नाही. एकदा तर पोटात कळ आल्याचं सोंग घेऊन ती दुपारची अंथरुणावर पडली. दोघी धावत आल्या. एक उशाशी बसली, एक पायाशी. मग वंदना म्हणाली, "आत्याबाई, त्यांना म्हणा ओवा आणा." आणि द्वारका म्हणाली, "आत्याबाई, त्यांना म्हणा मी आधीच आणलाय." साळूबाईला मधे पडून दोघींचे निरोप इकडून तिकडं करावे लागले, आणि वर ओव्याचं कडू पाणी प्यावं लागलं ते वेगळंच.

असं दीड वर्ष गेलं.

पौष लागता लागता एक दिवस अण्णासाहेब दारात उभे राहिले. हे शाळेतले खेळाचे मास्तर, आता निवृत्त झालेले. निवृत्त झाले तरी गळ्यातली शिट्टी काही उतरली नव्हती. माघातल्या गणेश जयंतीला राजूरला लग्न झालेल्या बायांसाठी कबड्डीचे सामने ठेवले होते. जिंकणाऱ्या संघाला ढाल, आणि प्रत्येक खेळाडूला एकेक मिक्सर. अण्णासाहेबांनी हसनाबादचा संघ काढायचं मनावर घेतलं होतं, आणि लग्न होऊन गावात आलेल्या कोणत्या सुना माहेरी खेळलेल्या आहेत ते त्यांनी घरोघर विचारून काढलं होतं. सात जणी मैदानात लागतात, त्यांना कशाबशा नऊ मिळाल्या होत्या.

वंदनानं आधी नाही म्हटलं. चाळिशी आली, पोरगी बारावीला, आता कसला खेळ, असं ती म्हणत राहिली. पण म्हणताना तिची नजर अण्णासाहेबांच्या शिट्टीवर होती. शेवटी हो म्हणाली. मग अण्णासाहेब शेजारच्या दारात गेले आणि द्वारका पहिल्याच शब्दाला हो म्हणाली. एकीला विचारताना त्यांनी दुसरीचं नाव काढलं नव्हतं. मास्तर होते, पोरं सांभाळण्यात आयुष्य गेलेलं. एवढं त्यांना कळत होतं.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दोघी शाळेच्या मैदानावर समोरासमोर आल्या तेव्हा दोघींनाही परत फिरावंसं वाटलं असणार. फिरलं मात्र कुणीच नाही. जी आधी फिरेल ती हरली, असा तो मामला होता.

साळूबाई रोज शेळी चारायच्या निमित्तानं मैदानाच्या कडेला जाऊन बसू लागली. तिच्या लहानपणी याला हुतूतू म्हणायचे, आणि तो खेळ पोरांचा. आता या बाया अंगात टी-शर्ट घालून, ओढण्या कमरेला आवळून धुळीत लोळत होत्या. पहिल्या दिवशी तिला जरा कसंसंच झालं. दुसऱ्या दिवशी तिनं एकीला नीट पकडता आलं नाही म्हणून शेळी सोडून हाळी दिली. आठवडाभरात तिला खेळ कळायला लागला. चढाईला आलेली बाई शिवून गेली की आपली बाई बाद, तिला पकडली की आपली एक परत जिवंत, सगळ्याच्या सगळ्या बाद झाल्या की लोण, म्हणजे समोरच्यांना वरून दोन गुण.

आणि तिला आणखी एक कळलं. पकड करणाऱ्या बाया जोडीजोडीनं हात धरून उभ्या राहतात. त्याला साखळी म्हणतात. चढाईवाली आत शिरली की साखळी तिच्या पाठीमागून बंद होते. हसनाबादच्या संघात पकड करणाऱ्या चांगल्या बाया दोनच होत्या, वंदना आणि द्वारका. त्या शेजारी शेजारी उभ्या राहिल्या असत्या तर त्या साखळीतून मुंगी बाहेर गेली नसती. अण्णासाहेबांनी पहिल्या दिवशी तसं उभं करून पाहिलं. दोघी शेजारी उभ्या राहिल्या, पण हात आपापल्या कमरेवर. अण्णासाहेबांनी दोनदा सांगितलं, तिसऱ्यांदा सांगितलं नाही. एकीला डाव्या कोपऱ्यात ठेवलं, एकीला उजव्या. मधे पाच बाया.

"मास्तर, मधे भगदाड पडतंय," साळूबाई त्यांना म्हणाली.

"दिसतंय मला, साळूबाई," अण्णासाहेब म्हणाले. "पण ते माझ्यानं बुजणारं न्हाई."

गणेश जयंतीला राजूरला ही गर्दी. दर्शनाची रांग पार खालपर्यंत आली होती, आणि दर्शन झालं की लोक नारळ-पेढ्याच्या पिशव्या घेऊन सरळ मैदानाकडं वळत होते. बायांची कबड्डी, तीही लग्न झालेल्या बायांची, म्हणून काही हसायला आले होते. पहिल्या दोन सामन्यांनंतर हसणं थांबलं. हसनाबादनं दोन्ही सामने जिंकले. समोरचे संघ कच्चे होते, आणि दोन कोपऱ्यांतून दोघी जावा आपापल्या वाटेनं झेपावत होत्या ते तेवढ्यापुरतं पुरलं.

शेवटचा सामना दुपार कलल्यावर होता. समोर कुंभार पिंपळगावचा संघ, आणि त्यांची कप्तान सत्यशीला. उंच, खांद्यानं रुंद, होमगार्डमध्ये असलेली बाई. ती मध्यरेषेवर येऊन वाकली आणि तिनं हातावर माती चोळली, तेव्हा साळूबाईनं पदर तोंडाशी नेला. तातेराव आणि बबलू तिच्या दोन बाजूंना बसले होते. दोघांची तोंडं आधीच उतरलेली.

सत्यशीला पहिल्या चढाईला आली, कोपऱ्यांकडं तिनं बघितलंसुद्धा नाही. सरळ मधे घुसली, दोघींना शिवली आणि चालत परत गेली. पुढच्या वेळी परत तेच. तिला भगदाड बराबर दिसलं होतं. वंदना डावीकडून धावली की द्वारकाला काय करायचं ते कळत नव्हतं. द्वारकानं पाय धरला की वंदनेला यायला एक क्षण उशीर होत होता. तेवढ्या क्षणात सत्यशीला मध्यरेषेपलीकडं. पहिला डाव संपायच्या आत हसनाबादवर एक लोण चढलं. मध्यंतराला फळ्यावरचे आकडे बघून बबलू उठला आणि म्हणाला की आपण गाडी स्टँडकडं लावून येतो, म्हणजे निघायला बरं पडेल.

"खाली बस," साळूबाई म्हणाली. तो बसला.

दुसऱ्या डावात हाल आणखी झाले. हसनाबादची एकेक बाई बाद होऊन कडेला येऊन बसू लागली. बसलेल्या बाया मान खाली घालून पायाच्या बोटांवरची माती पुसत होत्या. प्रेक्षकांतले काही उठून चालायला लागले होते. निकाल लागल्यातच जमा होता. नऊ गुणांची पिछाडी, वेळ थोडा, आणि मैदानात उरल्या होत्या दोघी. डाव्या कोपऱ्यात वंदना, उजव्या कोपऱ्यात द्वारका, मधे सगळं मैदान मोकळं. या दोघी बाद झाल्या की दुसरं लोण, आणि खेळ खलास.

अण्णासाहेबांनी हात वर करून थोडी विश्रांती मागितली. पंचांनी दिली. पण मैदानात जाऊन त्या दोघींना काय सांगायचं ते अण्णासाहेबांना सुचेना. ते शिट्टी तोंडात धरून नुसते उभे राहिले.

साळूबाई उठली. तिनं पाण्याची कॅन उचलली आणि चुन्याची रेषा ओलांडून सरळ मैदानात गेली. कडेचा पंच म्हणाला, आजी, आत यायचं नसतं. साळूबाईनं ऐकलं न ऐकलंसं केलं. मैदानाच्या मधोमध जाऊन ती थांबली आणि तिनं कॅन खाली ठेवली. एकीकडं नेली असती तर दुसरीला लागलं असतं. दीड वर्षात तिला एवढं गणित पक्कं झालं होतं. पाणी प्यायचं तर दोघींना मधेच यावं लागणार होतं.

दोघी आल्या. वंदनेचा श्वास लागला होता, कोपर सोललं होतं. द्वारकाच्या कपाळावरून मातीचा ओघळ गालावर आला होता. वंदना पाणी प्याली, तिनं तोंड पुसलं आणि कॅन सासूकडं न देता द्वारकापुढं धरली.

"ती डाव्या पायानं आत येती," वंदना म्हणाली. "दर बारी डावा. मी पुढून दाबते, तू मागून ये. पण हात धरावा लागंल. सोडायचा न्हाई."

दीड वर्षात वंदना पहिल्यांदा 'त्यांना म्हणा' न म्हणता बोलली होती.

द्वारकानं कॅन घेतली, पण पाणी प्याली नाही. खाली बघतच म्हणाली, "मी कधी सोडला, अक्का? सोडला तुम्ही."

भोवती एवढा गलका होता. लाऊडस्पीकरवर कुणाचं तरी पोर हरवल्याचं सांगत होते. वंदनानं आजूबाजूला पाहिलं. त्या दिवशी ती चार बायांदेखत बोलली होती, आज शेकडो लोक होते. मग तिनं हात पुढं केला.

"सोडला," ती म्हणाली. "चुकलं माझं. आता धर."

द्वारकानं तिच्याकडं पाहिलं. अंगठा दुमडून, बोटांत बोटं न अडकवता, नुसता पंजा पंज्यात घालून, खेळाडू धरतात तसा तिनं तो हात धरला आणि ओढून जोर बघितला.

पंचानं शिट्टी दिली. साळूबाई कॅन घेऊन परत कडेला आली. पोटात कळ आल्यासारखं वाटत होतं, आणि या वेळी ते सोंग नव्हतं.

सत्यशीला चढाईला आली ती हसतच. दोन बाया उरल्या आहेत, मधे उभ्या आहेत, एका झेपेत दोघींना शिवून लोण द्यायचं. ती डाव्या पायानं आत आली. वंदना मागं सरकली, आणखी मागं सरकली, जणू घाबरली आहे. सत्यशीला आणखी आत आली. आणि मग साखळी वळली. दाराचं कवाड लागावं तशी द्वारका फिरून तिच्या पाठीमागं आली, वंदनानं पुढून कमरेला मिठी घातली आणि तिघी एकदमच धुळीत आडव्या झाल्या. सत्यशीलानं हिसके मारले, कोपर मारलं, सरपटली. दोघींनी धरलेले हात सोडले नाहीत. तिचा दम तुटला, पंचानं शिट्टी दिली आणि हात वर केला.

एवढ्या कमी खेळाडूंनी पकड केली की एक गुण जास्तीचा मिळतो. चालायला लागलेले लोक परत फिरले. तातेराव उभा राहिला होता, हे त्याचं त्यालाच कळलं नव्हतं.

सत्यशीला बाहेर गेली आणि कुंभार पिंपळगावचं अर्धं बळ बाहेर गेलं. हसनाबादची एक बाई जिवंत होऊन आत आली. मग द्वारका चढाईला गेली. ती अंगानं बारीक, पण पाय लांब टाकणारी. एकीला पायानं शिवून आली, आणखी एक आपली आत आली. समोरून दुसरी बाई चढाईला आली, तिला साखळीनं तशीच मिटवली. पाठोपाठ द्वारका परत गेली, तेव्हा समोरच्या तीन जणी एकदम तिच्या अंगावर पडल्या. साळूबाईला वाटलं, संपलं. त्या ढिगाखालून एक मातकट हात बाहेर आला, लांबला, आणखी लांबला, आणि बोटांची टोकं मध्यरेषेवर टेकली. तिघी बाद. मैदानात एकच आरोळी उठली. वंदना रेषेशी वाकून त्या हाताकडं बघत होती. ती पहिल्यांदा हसली.

समोरची उरलेली एकटी नंतरच्या चढाईत गेली आणि लोण उलट्या बाजूला चढलं. फळ्यावरचे आकडे जवळ येत गेले, एकसारखे झाले, आणि मग हसनाबादचा आकडा एकानं पुढं गेला. आता कुंभार पिंपळगावचे लोकही उभे राहून ओरडत होते. लोण झाल्यामुळं त्यांचा सगळा संघ जिवंत झाला होता. सत्यशीला परत आली होती. शेवटची चढाई तिची होती.

ती या वेळी हसत नव्हती. मध्यरेषेला हात लावून तिनं तो कपाळाला लावला आणि हळूहळू आत आली. डावा पाय पुढं टाकला, पण झेपावली नाही. तिलाही कळलं होतं की त्यांना कळलं आहे. मग अचानक उजव्या पायावर वळून ती वंदनेच्या बाजूनं घुसली. वंदनेचा खांदा तिच्या गुडघ्यावर आदळला. ती पडली, पण पडताना तिनं एका हातानं घोटा धरला. दुसरा हात द्वारकाच्या हातात होता. बाकीच्या बाया पोचायच्या आत सत्यशीला तशीच मध्यरेषेकडं निघाली, वंदनेला ओढत, आणि वंदनेच्या मागं द्वारकाला ओढत. मातीत दोघींची एक लांब रेघ उमटली. मध्यरेषा हातभर राहिली. सत्यशीलानं अंग झोकून दिलं.

साळूबाईनं डोळे मिटले होते. तिला शिट्टी ऐकू आली. मग थोडा वेळ काहीच ऐकू आलं नाही. मग बबलूनं तिला दोन्ही खांद्यांना धरून गदागदा हलवलं आणि तिनं डोळे उघडले. सत्यशीलाची बोटं रेषेच्या वीतभर अलीकडं मातीत रुतली होती. द्वारकानं शेवटच्या क्षणी दोन्ही टाचा रोवून सगळा भार मागं टाकला होता.

सगळ्यात आधी उठली ती सत्यशीला. तिनं वंदनेला हात देऊन उठवलं आणि विचारलं की या दोघी सख्ख्या बहिणी आहेत का. वंदनानं मान हलवली. "जावा आहोत," ती म्हणाली. सत्यशीलाला ते पटलं नाही. तिलाही दोन जावा होत्या.

ढाल अण्णासाहेबांनी घेतली. ती घेताना त्यांचे डोळे भरून आले आणि ते लपवायला त्यांनी विनाकारण जोरात शिट्टी वाजवली. मिक्सरची खोकी पिकअपच्या मागं रचली. बाया त्यांच्यावरच बसल्या. उन्हं उतरली होती, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना हरभरा घाटे धरून उभा होता. वंदनेचा उजवा खांदा सुजला होता. द्वारका तिच्याजवळ बसून त्यावर ओला रुमाल दाबत होती आणि शेवटच्या चढाईत तुम्ही दोन पावलं आधीच पुढं आलात, म्हणून ती उजवीकडून घुसली, असं बोलून राह्यली होती. वंदना म्हणत होती, मी आले न्हाई, तू मागं राहिलीस. साळूबाई समोर बसून ऐकत होती. हे भांडणच होतं. पण कुणीही तिला मधे घेऊन 'त्यांना म्हणा' असं म्हणत नव्हतं.

मधेच वंदना थांबली. हळूच म्हणाली, "द्वारके, तवा मी जे बोलले ना, ते खरं नव्हतं. मैदानातून तुला आणली, ते माझ्या हातून बराबर झालेलं एक काम हाय."

द्वारकानं रुमाल पिळला. "कुरडया तर गेल्याच ना पण," ती म्हणाली. "मी राखण करायला पाहिजे व्हती." आणि मग दोघी हसायला लागल्या. कशाला हसतात ते बाकीच्या बायांना कळलं नाही. साळूबाईला कळलं, आणि तिनं तोंड रस्त्याकडं फिरवलं.

चुली काही लगेच एक झाल्या नाहीत. दोन घरांची दोन घरंच राहिली, आणि साळूबाईलाही ते बरंच वाटलं. दोन्हीकडचं खायची सवय लागली होती.

पण दुसऱ्या दिवशी सकाळी ती नेहमीच्या वेळी थोरल्याकडं गेली तर चूल थंड होती. शेजारी पाहिलं तर तिथंही तेच. दोघी जावा ओट्यावर उन्हाला बसल्या होत्या. वंदनेचा हात खांद्यापासून वर उठत नव्हता. द्वारकाचे दोन्ही तळवे सोललेले, त्यांना हळद लावलेली, मांडीवर उपडे ठेवलेले. तातेराव आणि बबलू भिंतीला टेकून उपाशीपोटी उभे होते आणि सामना पहिल्यापासून ऐकत होते. तो त्यांनी स्वतः बघितला होता, तरीही.

साळूबाईनं कुणाला काही विचारलं नाही. आत गेली, परात ओढली, पीठ घेतलं. भाकरी करायची सवय मोडली होती, पहिली जरा जाड झाली आणि एका कडेला फाटली. दुसरी बरी झाली. तव्यावर ती फुगून वर आली तेव्हा बाहेर द्वारका सांगत होती, "मंग मी टाचा रोवल्या," आणि वंदना म्हणत होती, "आधी माझं सांगू दे."

साळूबाईनं भाकरीवर लसणाचा ठेचा घातला, तेल सोडलं आणि तुकडे करून एकाच ताटात घेतले, कारण एकीचा हात उठत नव्हता आणि एकीच्या हातांना हळद होती. मग ओट्यावर येऊन ती दोघींच्या समोर बसली आणि एकेक घास दोघींना भरवू लागली. बोलणं काही थांबलं नाही. दोघी भरल्या तोंडानंच सांगत राहिल्या.